टेपखाली उमटलेला लाल चौकोन : ड्रेसिंग कशाने बसवावे?

डिचोलीकर

नमस्कार. माझ्या आईचे वय ६४ असून बारा दिवसांपूर्वी तिची हर्नियाची शस्त्रक्रिया झाली. जखम उत्तम भरत आहे, पण भोवतीची त्वचा बिघडली आहे. चौथ्या दिवशी ड्रेसिंग बदलताना पाहिले, तर गॉजखालची जागा स्वच्छ होती आणि पांढरी चिकटपट्टी जिथे बसली होती, तेवढ्याच भागावर आखून काढल्यासारखा लाल चौकोन उमटला होता. त्यात मोहरीएवढे पाण्याचे फोडही होते. टेप बदलून कागदी टेप आणली, तरी खाज थांबली नाही. उलट पुरळ आता चौकोनाबाहेर पसरू लागले आहे. सध्या हवा इतकी दमट आहे की वीज जाऊन पंखा थांबला की टेपची कड उचलली जाते, म्हणून मी ती जरा ताणून लावतो. ही ॲलर्जी आहे की घामाचा त्रास, आणि ड्रेसिंग दुसऱ्या कशाने बसवता येईल? संबंध असेल की नाही ठाऊक नाही, पण कपाळाला खाज सुटते म्हणून आईने चिकटणारी टिकली दोन वर्षांपूर्वीच सोडली.

निवृत्त परिचारिका, फोंडा

टेप ताणून लावणे आजपासून बंद करा. ताणलेली टेप मूळ लांबीवर येऊ पाहते आणि सोबत त्वचेलाही ओढते, त्यामुळे ॲलर्जी नसतानाही तिच्या कडेला फोड येतात. टेप मधून टेकवून दोन्ही बाजूंना हलक्या हाताने बसवावी. काढताना ती वर उचलून खेचू नये. एका हाताने त्वचा दाबून धरावी आणि टेप स्वतःवरच दुमडत, त्वचेला लागून, केसांच्या दिशेने सावकाश सोडवावी. कडेला खोबरेल तेलाचे बोट फिरवले तर ती सुटते, पण तेल जखमेत जाता कामा नये आणि तेलकट जागी नवी टेप बसत नाही, हेही लक्षात असू द्या.

नुसत्या चिकटपणाने किंवा घामाने होणारा दाह बहुधा टेपच्या हद्दीतच राहतो, त्यात खाजेपेक्षा आग अधिक असते आणि टेप काढल्यावर तो दोन-तीन दिवसांत ओसरू लागतो. एक-दोन दिवसांनी सुरू होणारी तीव्र खाज, पाण्याचे फोड आणि टेपच्या बाहेर सरकणारे पुरळ ही लक्षणे ॲलर्जीकडे बोट दाखवतात. आपल्या वर्णनावरून मला दुसरी शक्यता अधिक वाटते, पण निदान डॉक्टरांनी पाहूनच व्हावे. आणखी एक विचारते : टेप लावण्याआधी आपण पोव्हिडोन आयोडीन हे जंतुनाशक त्वचेला लावता का? ते ओले असतानाच वर टेप बसली, तर तेवढ्यानेही कातडी भाजल्यासारखी होते. जखमेवर लावायच्या प्रतिजैविक मलमाचीही ॲलर्जी असू शकते, मात्र मग गॉजखालची जागा स्वच्छ राहिली नसती.

गजवाला

मी व्हायोलिन वाजवतो आणि माझी ॲलर्जी त्यातूनच उघडकीस आली. गजाला रोझिन घासले की बोटांना खाज सुटायची आणि पांढरी चिकटपट्टी लावली की तसेच पुरळ यायचे. या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध असेल, हे माझ्या कित्येक वर्षे ध्यानात आले नाही. पाइन वृक्षाच्या चिकापासून होणारे हे रोझिन झिंक ऑक्साइडच्या पारंपरिक चिकटपट्टीच्या गोंदात रबराबरोबर घातलेले असते. कागदी टेपचा गोंद बहुधा अॅक्रिलेट या कृत्रिम पदार्थाचा असतो, त्यामुळे अनेकांना ती सोसते, पण अॅक्रिलेटचीही ॲलर्जी असणारे लोक आहेत.

त्वचारोगतज्ज्ञांनी माझी पॅच टेस्ट केली. निरनिराळे पदार्थ पाठीवर ४८ तास बांधून ठेवतात, काढल्यावर एकदा पाहतात आणि पुढे एक-दोन दिवसांनी पुन्हा पाहतात. ते सर्व जागेवर राहावे म्हणून पाठीला टेपच लावतात, ही त्यातली गंमत! त्या दिवसांत पाठ भिजवायची नसते आणि घामही चालत नाही, म्हणून मी ती मे महिना टाळून जानेवारीत करून घेतली. पुरळ भडकलेले असताना ही चाचणी करत नाहीत. टिकलीची गोष्ट डॉक्टरांना अवश्य सांगा. टिकलीच्या गोंदातील एका राळेमुळे काहींना खाज सुटते, तर काहींच्या कपाळावर पांढरा डागही पडतो. तो पदार्थ आणि टेपमधला पदार्थ एकच असेल असे मात्र गृहीत धरू नका.

फार्मसीवाला, म्हापसा

सिलिकॉनची टेप मागून पाहा. ती महाग पडते आणि घामात लवकर सुटते, पण काढताना कातडी ओढत नाही. पाकिटावरच्या ‘हायपोॲलर्जेनिक’ (ॲलर्जीची शक्यता कमी) या शब्दाचा अर्थ ॲलर्जी होणारच नाही असा नव्हे, त्यामुळे तिचा छोटा तुकडा आधी दंडाच्या आतल्या बाजूला दोन दिवस लावून पाहावा. खाज सुटली म्हणून तीन औषधे एकत्र असलेले स्टिरॉइडचे मलम कुणाच्या सांगण्यावरून जखमेजवळ चोळू नका. तशी मागणी आमच्याकडे रोज येते.

डिचोलीकर

सर्वांचे आभार. आयोडीन ओले असतानाच टेप लावत होतो, हे कबूल करतो. आज सर्जनना दाखवले. जखम कोरडी असल्यामुळे त्यांनी टेप पूर्ण बंद करून, नुसता गॉज ठेवून वर सुती कापडाचा पोटपट्टा सैल बांधायला सांगितला आहे आणि पुरळासाठी वेगळे मलम लिहून दिले आहे. ताप, पू किंवा वाढती वेदना दिसली तर त्याच दिवशी यायला बजावले आहे. पुढच्या आठवड्यात आईला बांबोळीच्या सरकारी रुग्णालयात त्वचारोग विभागात नेणार आहे. टिकलीचे जुने पाकीट तिने अजून आरशामागे जपून ठेवले आहे, तेही सोबत घेईन.