मदत हवी आहे: संत्र्याचं आशियाई पद्धतीचं सॅलड काही तासांत कडू आणि पाणचट होतंय

लिंबलोण:
नमस्कार मंडळी. जरा सविस्तर लिहिते, म्हणजे नेमकं कुठे चुकतंय ते सांगता येईल.

माझी आई ७२ वर्षांची आहे. रक्तदाबामुळे मीठ कमी केलंय, कोलेस्टेरॉलची गोळी रोज रात्री चालू आहे. अळणी जेवणाला ती इतकी कंटाळली आहे की दोन घास खाऊन ताट पुढे सरकवते. मध्यंतरी एका मैत्रिणीकडे थाई पद्धतीचं पपनसाचं सॅलड खाल्लं. आंबट, गोड, तिखट, खमंग, सगळं एकाच घासात. तेव्हाच मनात आलं की हे आईला नक्की आवडेल. घरी दोनदा करून पाहिलं आणि दोन्ही वेळा फसलं.

पपनस मिळालं नाही म्हणून ३ संत्री आणि १ ग्रेपफ्रूट घेतलं. संत्री हाताने सोलून पाकळ्यांचे आडवे तुकडे केले. काकडी, कांदा, पुदिना, भाजलेले शेंगदाणे. ड्रेसिंग आदल्या रात्रीच करून ठेवलं होतं: एका संत्र्याचा रस, किसलेली साल, ३ मोठे चमचे सोया सॉस, १ मोठा चमचा तिळाचं तेल, मध, आलं, लाल मिरची. सकाळी ९ ला सगळं कालवून फ्रिजमध्ये ठेवलं आणि १ वाजता वाढलं.

कालवलं तेव्हा चाखलं होतं, छान लागत होतं. १ वाजता झाकण काढलं तर भांड्याच्या तळाशी दोन बोटं तपकिरी पाणी, पुदिना काळा पडून कडेला चिकटलेला, आणि प्रत्येक घासानंतर जिभेच्या मुळाशी रेंगाळणारा कडूपणा. आईने एक फोड खाल्ली आणि वाटी खाली ठेवली. काही बोलली नाही.

काकडी कडू होती का? साल जास्त पडली का? आणि मैत्रिणीच्या सॅलडला जो खमंग वास होता तो माझ्या तिळाच्या तेलाला का येत नाही? रविवारी पुन्हा करायचं आहे. कृपया मदत करा.

पहाटवारा:
काकडीचा संशय लगेच फेडता येतो, दोन्ही टोकांचा तुकडा चाखून पाहायचा. पण मला तुमच्या वर्णनातली दुसरीच गोष्ट महत्त्वाची वाटते: आधी छान होतं, नंतर कडू झालं. असं संत्र्याच्या रसाचं होतंच. संत्र्याच्या पडद्यांत आणि बियांत एक पदार्थ असतो, त्याला स्वतःची कडू चव नसते. फळ कापलं, पेशी फुटल्या, की तो आंबट रसात मिसळतो आणि हळूहळू त्याचं लिमोनिन होतं. ते मात्र चांगलंच कडू. म्हणजे तुमचं रात्री केलेलं ड्रेसिंग सकाळपर्यंत निम्मं बिघडलेलं असणार. बिनबियांच्या, बेंबीसारखा उंचवटा असलेल्या नेव्हल संत्र्यांत हे जास्त होतं. रस आयत्या वेळी काढा, बिया चिरडू देऊ नका.

ग्रेपफ्रूटचा कडूपणा वेगळा. तो नारिंजिनचा, सालीखालच्या पांढऱ्या थरात आणि पाकळ्यांच्या पापुद्र्यांत भरपूर असतो आणि पहिल्या घासापासून जाणवतो. साल किसताना पांढरं दिसलं की थांबायचं, खमंगपणा फक्त वरच्या रंगीत थरात असतो.

आणखी एक. मीठ कडूपणा दाबतं. तुम्ही मीठ कमी ठेवणार आहात, म्हणून तुम्हाला कडूपणा मुळातूनच टाळावा लागेल, झाकून चालणार नाही.

सालपट:
आडवे तुकडे करू नका ताई, तिथेच पाणी सुटतंय. आडव्या कापात प्रत्येक रसकोष उघडा पडतो. असं करून बघा: संत्र्याची वरची आणि खालची चकती कापा, म्हणजे फळ पाटावर स्थिर उभं राहतं. धारदार सुरी गोलाईवरून वरून खाली आणत साल आणि पांढरा थर एकदमच काढा, आतला गर उघडा दिसला पाहिजे. मग फळ डाव्या तळव्यावर धरून, खाली भांडं ठेवून, प्रत्येक पडद्याला लागून सुरी मध्यापर्यंत घाला. एका बाजूने एक काप, दुसऱ्या बाजूने एक, आणि फोड नुसती घसरून बाहेर येते, अंगावर एकही पापुद्रा नाही. शेवटी हातात पडद्यांचं पुस्तक उरतं. ते हलकेच दाबा, पिळू नका.

फोडी ताटलीत एकेरी पसरून १० मिनिटं ठेवा. ताटली थोडी तिरकी केली की रस एका बाजूला जमतो. तो ड्रेसिंगमध्ये घाला.

पहिल्या दोन संत्र्यांना वेळ लागेल. तिसऱ्याला हात बसतो.

भरडधान्य:
तिळाच्या तेलाचं उत्तर माझ्याकडे आहे. तुमचं तेल कच्च्या तिळाचं असणार. ते फिकट असतं आणि त्याला वास जवळपास नसतो. चिनी, कोरियन, जपानी पाककृतींत जे लागतं ते आधी भाजलेल्या तिळांचं, गडद तपकिरी, थेंबभर घातलं तरी घमघमणारं. ते १ मोठा चमचा घातलंत तर बाकी काहीच लागणार नाही, अर्धा चहाचा चमचा पुरे. नसेल तर तीळ मंद आचेवर तडतडेपर्यंत भाजा, गरम असतानाच खलबत्त्यात भरड कुटा आणि वाढताना वरून घाला. मला तर हेच जास्त आवडतं.

आणि मैत्रिणीचं सॅलड पाणचट का झालं नाही, तर ते पपनस होतं म्हणून! पपनसाचे रसकोष जाड सालीचे आणि सुटे असतात. पाकळी सोलून चुरली की कोरडे मोतीदाणे हातात येतात. थायलंडचं याम सोम-ओ काय किंवा व्हिएतनामचं गोय बुओय काय, पपनसाची ही दोन्ही सॅलडं या मोतीदाण्यांवर उभी आहेत. संत्रं तसं वागणार नाही. त्याच्या जोडीला रस शोषणारं काहीतरी हवं. थाई आणि लाओ लोक कच्चे चिकट तांदूळ कोरडेच सोनेरी होईपर्यंत भाजतात आणि कुटून भरड करतात. एक मोठा चमचा पुरतो. वास फार सुरेख येतो. साध्या तांदळानेही काम होतं. भाजलेला खोबऱ्याचा कीसही चालेल.

रसायनी:
बाकीचं नंतर वाचा, हे आधी वाचा. मी फार्मासिस्ट आहे. तुम्ही लिहिलंय की आईंना कोलेस्टेरॉलची गोळी चालू आहे आणि सॅलडमध्ये ग्रेपफ्रूट आहे. गोळीचं नाव कृपया बघा. सिमव्हास्टॅटिन किंवा अटोर्व्हास्टॅटिन असेल तर ग्रेपफ्रूट नको. आतड्याच्या अस्तरात एक एन्झाइम असतं, ते अशा औषधाचा काही भाग रक्तात जाण्याआधीच मोडतं. ग्रेपफ्रूटमधले फ्युरानोकुमरिन्स ते एन्झाइम निकामी करतात, आणि मग त्याच गोळीचं प्रमाण रक्तात जास्त होतं. स्नायू दुखण्यापासून त्यांना गंभीर इजा होण्यापर्यंत त्रास होऊ शकतो. फेलोडिपिन, निफेडिपिन अशा रक्तदाबाच्या काही गोळ्यांचंही तसंच आहे.

दुपारी सॅलड आणि रात्री गोळी, असं अंतर ठेवून भागत नाही. परिणाम २४ तासांहून अधिक टिकू शकतो, कारण शरीराला ते एन्झाइम नव्याने तयार करावं लागतं. पपनसही याच यादीत आहे आणि मुरंब्यासाठी वापरतात ती कडू सेव्हिल संत्रीही. नेहमीची गोड संत्री चालतात. गोळी मात्र स्वतःहून बंद करू नका. आईंच्या डॉक्टरांना फोन करून गोळ्यांची नावं सांगा आणि लिंबाचंही विचारून घ्या.

लिंबलोण:
रसायनीताई, तुमचा प्रतिसाद वाचल्या वाचल्या उठून आईचा गोळ्यांचा डबा पाहिला. अटोर्व्हास्टॅटिनच आहे. हात थरथरले. दोन्ही वेळा मिळून तिने ग्रेपफ्रूटची जेमतेम एक-दोन फोडी खाल्ली असेल, पण मी रविवारी पपनस मिळवण्याच्या खटपटीत होते. डॉक्टरांशी बोलले. ग्रेपफ्रूट आणि पपनस पूर्ण बंद, संत्री मोसंबी चालतील, लिंबाचा चमचाभर रस चालेल असं सांगितलं. पाय किंवा दंड दुखतात का, हेही आईला विचारायला सांगितलं. नाही दुखत म्हणाली. मनापासून आभार.

मग आता संत्री आणि मोसंबी एवढ्यावरच सॅलड बसवायचं आहे. सोया सॉसचं काय करू?

रसायनी:
बरं वाटलं वाचून. सोया सॉसचा हिशेब मांडून देते. साध्या सोया सॉसच्या एका मोठ्या चमच्यात साधारण ९०० मिलिग्रॅम सोडियम असतं. तुमच्या ३ चमच्यांत २,७०० झालं. चौघांत वाटलं तरी माणशी पावणेसातशे. जागतिक आरोग्य संघटनेची मोठ्या माणसासाठीची मर्यादा दिवसाला २,००० मिलिग्रॅमच्या आत आहे, आणि आईंना डॉक्टरांनी कदाचित त्याहून कमी सांगितलं असेल. एक चहाचा चमचा घाला. त्यात अंदाजे ३००, चौघांत माणशी ७५. फिश सॉस तर याहून खारट, ते नकोच.

पहाटवारा:
मीठ कमी असलं की चव दुसरीकडून आणावी लागते. माझं प्रमाण चार जणांसाठी: फोडींतून निथळलेला रस ३ मोठे चमचे, तांदळाचा व्हिनेगर १ मोठा चमचा, लिंबाचा रस १ चहाचा चमचा, सोया १ चहाचा चमचा, किसलेलं आलं अर्धा चमचा, बारीक मिरची, भाजलेल्या तिळाचं तेल अर्धा चहाचा चमचा. मध फळ चाखूनच ठरवा, बरेचदा लागत नाही. सुके शिटाके मशरूम मिळाले तर दोन मशरूम पाव वाटी कोमट पाण्यात अर्धा तास भिजवा. त्या पाण्याचा एक चमचा घातला की सोया कमी आहे हे कळतसुद्धा नाही. सगळं झाकणाच्या बाटलीत घालून खळखळून हलवा, लगेच ओता. तेल आणि आंबट फार वेळ एकत्र राहत नाहीत.

काकडीच्या मधला बियांचा गर चमच्याने खरवडून टाका. कांदा पातळ चिरून थंड पाण्यात १० मिनिटं ठेवा, मग पुसून घ्या. पुदिना हाताने तोडून अगदी शेवटी. आणि फ्रिजमधून काढून थेट वाढू नका, फार गार असलं की गोडी कमी जाणवते. १०-१५ मिनिटं बाहेर राहू द्या.

लिंबलोण:
रविवारी केलं. सालपट, तुमच्या पद्धतीने पहिलं संत्रं सोलायला मला बारा मिनिटं लागली, पण त्या फोडी ताटलीत काचेसारख्या दिसत होत्या. निथळलेला रस पाऊण वाटी निघाला! एवढं पाणी आधी सॅलडमध्ये जात होतं.

तांदूळ भाजताना आई स्वयंपाकघरात आली आणि कसला वास येतोय म्हणून विचारलं. गेल्या दोन महिन्यांत तिने स्वयंपाकघरातल्या कुठल्याच वासाची चौकशी केली नव्हती. टेबलावर बसल्यावरच ड्रेसिंग ओतलं, वर शेंगदाणे आणि भरड. तिने एक वाटी संपवली, मग थोडं अजून मागितलं, आणि शेवटी वाटी तिरकी करून तळाचा रस प्यायली. कडूपणा नावाला नव्हता.

एकच अडचण आली. तांदळाची भरड तिच्या कवळीखाली गेली आणि टोचली. वास तर तिला फार आवडलाय. काय करू?

भरडधान्य:
किती छान बातमी! भरड अजून बारीक कुटा आणि चहाच्या गाळणीतून चाळा. खाली पडेल ती पूड आईंना, वर राहील ती बाकीच्यांना. पूड ड्रेसिंगमध्ये न मिसळता आईंच्या वाटीत पाच मिनिटं आधी घाला, रसात मऊ होईल. शेंगदाण्यांचंही तेच करा, कूट करून.