भाज्यांच्या पाण्यात पांढरा मासा फुटतो, वासही येतो. मदत हवी आहे (तातडीने)

ताळगावची
घाईत लिहितेय. भाज्यांचं पाणी (स्टॉक म्हणा) करून त्यात पांढरा मासा नुसता शिजवायचा आहे. तेल, नारळ, तिखट काही नको. दर वेळी मासा फुटून भुगा होतो, पाणी गढूळ होतं, वर पांढरं काहीतरी तरंगतं आणि घरभर उग्र वास. मी सगळं नीट करते. सासऱ्यांना साडेसातला जेवायला लागतं, त्याआधी सांगा. हुमण (माशाची नारळाची आमटी) कसं करायचं ते सांगू नका, ते येतं.

कोकमसार
कुठला मासा? चणक, तांबसो, मुड्डोशी, सगळे पांढरेच. तुकडे की अख्खा? साल आहे की काढलेली?

ताळगावची
पांढरा मासा हो. फिले (काटे काढलेले सपाट तुकडे).

निवृत्त_मास्तर
ताई, तुम्ही सरळ काल्दीन करा. नारळाचं पातळ दूध, हळद, जिरं, आलं, वर दोन हिरव्या मिरच्या चिरून. अजिबात तिखट होत नाही आणि मासा फुटत नाही. आमच्या घरी आजाऱ्याला हेच देत आले.

पेडण्याची_माय
मास्तर, नारळ नको असं त्यांनी वरच लिहिलंय.

निवृत्त_मास्तर
नारळाने काही होत नाही. आमची आजी नव्वदीपर्यंत रोज खात होती.

कोकमसार
फिले कशाचा? ताजा की फ्रीझरमधला? आणि भाज्या कुठल्या घालता ते लिहा, वासाचं मूळ बहुतेक तिथेच असणार.

ताळगावची
पाकिटावर बासा लिहिलंय. सुपरमार्केटचा. आता पावसाळी मासेमारी बंदीत ताजा कुठून आणू? भाज्या: कोबी, फ्लॉवर, कांदा, गाजर. कुकरला चार शिट्ट्या. मग पाणी गाळून खळखळ उकळवते आणि त्यात मासा टाकते. झाकण ठेवते. अजून काय सांगू?

कोकमसार
मिळालं. कोबी आणि फ्लॉवर जास्त शिजले की गंधकाचा वास सुटतो, माशाचा त्यात दोष नाही. दोन्ही काढून टाका. कांदा, गाजर, सेलरीचा एक देठ, कोथिंबिरीचे देठ, तमालपत्र, सात-आठ मिरे. मंद आचेवर 20-25 मिनिटं. शिट्ट्यांची गरज नाही.

बागातला_मुनीम
कुकरमध्ये स्टॉक उत्तम होतो, उगाच घाबरवू नका. शिट्टी होऊ दिली नाही तर आत पाणी खळखळत नाही, म्हणून उलट जास्त नितळ निघतो. कोबीबद्दल मात्र सहमत.

पेडण्याची_माय
बासा खाऊ नका ताई. व्हिएतनामच्या नदीतला मासा, चव ना ढव. गोव्यात राहून बासा!

बागातला_मुनीम
1 जून ते 31 जुलै ट्रॉलर बंद असतात, लोकांनी करायचं काय? बासाला काटे नाहीत. म्हाताऱ्या माणसाला ते बरं पडतं.

खाजनकाठ
बंदी समुद्रातल्या यांत्रिक होड्यांना. नदीची मासळी चालूच असते. खाजनाच्या (खाडीकाठच्या बांध घातलेल्या शेतांच्या) मानशीवर, म्हणजे पाण्याच्या दारावर, भरती-ओहोटीच्या वेळी जाळं लागतं, तिथे चणक, शेवटे, काळुंदरां मिळतात. सकाळी लवकर गेलात तर बाजारात बसणाऱ्या बायकांकडेही असतात. चणक घ्या, मास घट्ट असतं. शेवट्याला काटे फार, तो सासऱ्यांना नको.

मिरामारची_वारी
2018 मध्ये मासळीतल्या फॉर्मेलिनचं (टिकवायच्या रसायनाचं) प्रकरण झाल्यापासून मी मासा धुताना हळद आणि व्हिनेगर लावते. त्याने रसायन जातं का? कुणाला माहीत आहे?

बागातला_मुनीम
वेगळा धागा काढा. (आणि हळदीने जात नाही.)

ताळगावची
मला उद्याचा चणक नको, आजचा बासा हातात आहे. मासा फुटतो त्याचं कुणी सांगेल का? सहा वाजले.

कोकमसार
सांगतो. बासा पूर्ण वितळलाय का? गोठलेल्या फिलेवर बर्फाचा थर असतो. तसाच उकळत्या पाण्यात गेला तर आतला बर्फ विरघळेपर्यंत बाहेरचं मास जास्त शिजून सुटं होतं. पिशवी नीट बंद करून गार पाण्यात बुडवून ठेवा, अर्ध्या तासात वितळेल. मग टिपून कोरडा करा.
दुसरं, खळखळ उकळी नको. उकळीने मासा हलतो, आपटतो, त्याचं प्रथिन पाण्यात मिसळून पाणी गढूळ होतं. वर तरंगतं तेही तेच, दह्याच्या कवड्यांसारखं दिसतं. पाणी उकळा, मग आच इतकी कमी करा की तळाशी बारीक बुडबुडे दिसतील पण वर येऊन फुटणार नाहीत. साधारण 75 ते 80 अंश. मासा झाऱ्यावरून अलगद सोडा. पाणी माशाच्या जेमतेम वर. बोटाएवढ्या जाडीला सात-आठ मिनिटं पुरतात. सुरीच्या टोकाने जाड भागात बघा: काचेसारखी झाक गेली आणि पाकळी सुटली की लगेच बाहेर. थर्मामीटर असेल तर आत 63.

सुंगटां_भक्त
आधी मिठाच्या पाण्यात ठेवा, लिटरला 50 ग्रॅम, पंधरा मिनिटं. पांढरं कमी सुटतं, मास आवळतं.

पेडण्याची_माय
सासऱ्यांना मीठ चालतं का ते विचारलंत?

ताळगावची
मीठ चालतं. तेल आणि नारळ बंद, ऑपरेशननंतर महिनाभर. आंबट घालू का? सोलां (आमसुलं) आहेत.

निवृत्त_मास्तर
सोलांशिवाय मासा हा मासाच नव्हे. चार सोलां आणि तीन-चार तिरफळां, बस्स.

बागातला_मुनीम
तिरफळ बांगड्याला. बासाला घातलंत तर फक्त तिरफळच लागेल. सोलांनी पाण्याला रंग येतो, रुग्णाला तो लालसर द्रव बघून जेवायची इच्छा होणार नाही. माडाचं व्हिनेगर एक चमचा.

निवृत्त_मास्तर
तुमच्या रुग्णाला नसेल होत. आमच्याकडे सोलकढीचा रंग बघूनच भूक लागते.

कोकमसार
व्हिनेगर घालायचं तर भाज्या शिजून झाल्यावर, माशाच्या जरा आधी. आंबटात भाज्या लवकर मऊ होत नाहीत, त्यांचा रस उतरत नाही. लिंबू असेल तर ताटात वाढल्यावर पिळा. लिंबू उकळलं की कडवट होतं.

ताळगावची
(8.10) फुटला नाही. दोन तुकडे अख्खे उतरले, पाणीही बऱ्यापैकी नितळ. वास नाही. मिठाच्या पाण्यात ठेवायला वेळ नव्हता, थोडं पांढरं सुटलंच. सासरे म्हणाले बेचव आहे, पण संपवलं. पुढच्या वेळी आलं घालते. उरलेलं पाणी टाकू का? सकाळपर्यंत ओट्यावर ठेवलं तर चालेल?

कोकमसार
ओट्यावर नको, या दमट हवेत तर मुळीच नको. आत्ता गाळून गार करा आणि फ्रीजमध्ये ठेवा. उद्या उकळी आणून त्यात भाताची पेज करा, चव त्या पाण्यातच उतरली आहे. आलं ठेचून भाज्यांबरोबरच घाला, माशाबरोबर नको.

पेडण्याची_माय
पेजेत मूठभर तांबडी भाजी (लाल माठ) बारीक चिरून घाला, तेल लागत नाही.

मिरामारची_वारी
पणजी मार्केटात सेलरी कुठल्या बाजूला मिळते?