रूनमध्ये निरोप दडवण्याच्या विद्येला मराठीत काय म्हणावं?

वेलांटी: एका अद्भुतकथेचा अनुवाद करतेय आणि आठवडाभर एकाच शब्दावर अडलेय. कथेतली चेटकीण हाडाच्या फणीवर रून, म्हणजे उत्तर युरोपातल्या जुन्या लिपीची अक्षरं, कोरते. कुणीही वाचलं तर फक्त मालकिणीचं नाव दिसतं. पण ज्याच्यासाठी निरोप आहे त्याने फणीवर श्वास सोडला की त्याच रेघांतून दुसरं वाक्य उमटतं. या विद्येला मी ‘कूटलेखन’ म्हटलं. संपादकांनी समासात टिपलं: ‘कूट म्हणजे खोटं. कूटसाक्ष आठवा. इथे लबाडी नाही, गुपित आहे.’ मी तर लहानपणापासून कूट म्हणजे कोडं असंच समजत आलेय. चुकले का?

बोरू: नाही चुकलात. कूटसाक्षीतलं कूट खोटं, कूटप्रश्नातलं अवघड. आज ‘कूटलिपी’ ऐकून कुणाच्या मनात लबाडी येत नाही. शब्द वापराने ठरतो.

रफार: वापर वापर म्हणत आपण काहीही खपवतो. माझी पहिली हरकत ‘रून’लाच आहे. ‘बीजाक्षर’ असताना परका शब्द कशाला?

जुनी पोथी: बीजाक्षर उच्चारात जगतं, रून कोरून. शिवाय ‘रून’ काढलात तर कथेचा गाभाच जाईल. चौथ्या शतकातल्या बायबलच्या गॉथिक (जर्मनच्या कुळातली एक जुनी भाषा) भाषांतरात ‘रूना’ म्हणजे रहस्य. जर्मनमधलं ‘राउनेन’, म्हणजे कुजबुजणं, त्याच कुळातलं. म्हणून ‘गुप्त रून’ लिहू नका, तो पिवळा पीतांबर होईल.

रफार: कुजबूज असेल तर आपल्या ‘रुणझुण’मधला रुण तोच, असं मला फार वाटतं.

जुनी पोथी: रुणझुण हा नादावरून आलेला शब्द आहे. नातं नाही.

काना: कुणी ‘पल्लवी’ कशी सुचवली नाही? आजोबा आम्हाला करपल्लवी, म्हणजे हाताच्या खुणांची गुप्त भाषा, शिकवायचे. हाताची कमळासारखी मुद्रा म्हणजे क-वर्ग, चक्र म्हणजे च-वर्ग, मग टंकार, तरु, पल्लव. त्यानंतर बोटं दाखवायची, वर्गातलं कितवं अक्षर ते कळायला. तेच आकड्यांत केलं की अंकपल्लवी. अ-वर्ग पहिला धरला तर प-वर्ग सहावा आणि ‘म’ त्यातला पाचवा, म्हणून ‘म’ म्हणजे सहा-पाच.

आता रूनचं पाहा. नंतरच्या रूनमालेत सोळा अक्षरं, त्यांचे तीन गट. ‘म’ तिसऱ्या गटात तिसरा. गुप्त लिहिताना गट बहुधा शेवटाकडून मोजायचे, म्हणून तो पहिला गट झाला. मग एक उभी रेघ ओढायची, तिच्या डावीकडे एक फांदी, उजवीकडे तीन. झाला ‘म’. त्यांना म्हणतातच फांदी-रून! स्कॉटलंडच्या ऑर्कनी बेटांवरच्या मेसहाउ या प्राचीन थडग्याच्या भिंतींवर असे कोरलेले आहेत. आपल्याकडे पल्लव, तिकडे फांदी. ‘रूनपल्लवी’ म्हणा, दुसरा शब्द शोधूच नका.

बोरू: सुंदर! पण पल्लवीतला पल्लव फांदीचाच कशावरून? करपल्लव म्हणजे कोवळा हात. करपल्लवी त्यावरून आली आणि मग नेत्रपल्लवी, अंकपल्लवी तिच्या मागून, असं मला वाटतं.

काना: आजोबा ‘पालवी’ म्हणायचे. गुपिताला पालवी फुटते ती पल्लवी. मी तेच धरून चालणार.

वेलांटी: ‘रूनपल्लवी’ आवडला. पण पल्लवी ही युक्ती आहे, किल्ली मिळाली की कुणीही वाचेल. माझ्या कथेत मंत्र आहे. जादू त्या शब्दात येते का?

जुनी पोथी: नाही येत, आणि ती यायलाच हवी. एगिल या कवी-योद्ध्याच्या सागामध्ये, म्हणजे जुन्या आइसलँडी कथेत, एका आजारी मुलीच्या अंथरुणात व्हेलच्या हाडावर चुकीचे रून कोरलेले सापडतात. एगिल ते खरवडून जाळतो, नवे कोरून उशाखाली ठेवतो, मुलगी बरी होते. ज्याला रून नीट वाचता येत नाहीत त्याने ते कोरू नयेत, असं तो बजावतो. या धास्तीला ‘पल्लवी’ फार नाजूक. ‘रूनबंध’ घ्या. आपण मंत्राने बांधतोच.

रफार: बंध म्हटलं की दोन-तीन रून एकाच दांडीवर जोडलेला जोडरून वाटेल. ती निराळी गोष्ट.

बोरू: नामाचा हट्ट सोडून क्रियापद घ्या. ‘तिने फणीत निरोप गोवला.’ विद्येचं नाव आपोआप ‘गोवण’.

काना: ‘गोवण’ म्हणजे अडकवणं. निरोप पोचायला हवा, अडकायला नको.

रफार: बाकी काही असो, मघापासून सगळे ‘ते रून’, ‘तो रून’ करताय ते आधी ठरवा. अक्षर नपुंसकलिंगी, म्हणून ‘ते रून’. आणि अनेकवचन फूल-फुलेप्रमाणे ‘रुने’, सामान्यरूप ‘रुनांत’, पहिला उकार ऱ्हस्व.

जुनी पोथी: मग ‘स्कूलमध्ये’चं ‘स्कुलामध्ये’ करणार का?

वेलांटी: मी तर चाळीस पानांत ‘ती रून’ लिहिलंय, लिपीवरून.