छापलं इंग्रजांनी, म्हणून आयरिश लोकांना इतिहासच नव्हता?

पोथीवाला

काल एका ग्रुपवर एकाने बिनधास्त लिहून टाकलं की आयरिश ओळख ही छापखान्याने घडवली, त्याआधी तिथे नुसत्या भांडणाऱ्या टोळ्या होत्या आणि आपला इतिहास कसा लिहायचा हेही त्यांना इंग्रजांनीच शिकवलं. वर पंचवीस लाईक. डोकं फिरलं म्हणून इथे सविस्तर लिहितोय.

अहो, छापखाना होता कुणाच्या हातात? डब्लिनला पहिलं पुस्तक छापलं गेलं १५५१ मध्ये, ते इंग्रजी प्रार्थनापुस्तक. आयर्लंडात आयरिश भाषेतलं पहिलं छापील पुस्तक १५७१ चं, शॉन ओ कार्नीची मुळाक्षरं आणि धर्माची प्रश्नोत्तरं, आणि त्यासाठी लागलेल्या खिळ्यांचे, म्हणजे छपाईच्या धातूच्या अक्षरांचे, पैसे इंग्लंडच्या एलिझाबेथ राणीने दिले कारण लोकांना प्रॉटेस्टंट करायचं होतं. आणि त्या लोकांबद्दल काय छापलं जात होतं? १५७७ च्या हॉलिन्शेडच्या इंग्रजी बखरीत स्टॅनिहर्स्ट, जन्माने डब्लिनचाच, सांगतो की जिंकलेल्यांनी जेत्याचा कायदा, पोशाख आणि भाषा घ्यायला हवी. स्पेन्सर हा इंग्रज कवी म्हणून सगळ्यांना माहीत, पण १५९६ च्या त्याच्या संवादात बोली आयरिश राहिली तर मनही आयरिशच राहणार म्हणून ती मोडा असा सूर आहे. ते डब्लिनला छापलं गेलं १६३३ मध्ये.

आता उत्तर बघा. साधारण १६३४ मध्ये टिपरेरीचा जेफ्री कीटिंग नावाचा पाद्री 'फोरस फासा' हा आयर्लंडचा इतिहास आयरिशमध्ये लिहितो, हाताने, आणि प्रस्तावनेत स्पेन्सर, स्टॅनिहर्स्ट, इंग्रज इतिहासकार कॅम्डन सगळ्यांना नावं घेऊन झोडपतो. म्हणतो हे लोक शेणकिड्यासारखे, बागेतली फुलं सोडून शेणाकडे जाणारे. आणि गंमत म्हणजे कीटिंग स्वतः नॉर्मन वंशाचा, म्हणजे 'गेल' लोकांच्या, मूळच्या आयरिश बोलणाऱ्यांच्या, हिशोबाने परकाच! तरी तो जुने गेल आणि स्वतःसारखे 'जुने इंग्रज', म्हणजे शतकांपूर्वी येऊन तिथेच राहिलेल्यांचे वंशज, दोघांनाही एकच नाव देतो, 'एरनाख', आयर्लंडचा माणूस. ही ओळख छापखान्यातून आली नाही, छापखान्याला उत्तर द्यायला पोथीत लिहिली गेली. आणि पुढे दोनशे वर्षं लोक ती उतरवून घेत राहिले.

खिळेवाला

भावना समजल्या पण हे अर्धंच आहे. माझे वडील पंचेचाळीस वर्षं खिळे जुळवायचे, शिशाने काळी झालेली त्यांची बोटं बघत मी मोठा झालो, त्यामुळे छपाई म्हणजे शत्रूचं हत्यार असं कुणी म्हटलं की मला लागतं. तुमचा कीटिंग आयर्लंडच्या बाहेर कुणाला कळला? १७२३ मध्ये डरमॉड ओ'कॉनरचं इंग्रजी भाषांतर छापलं गेलं तेव्हा. 'चार आचार्य' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या आयरिश विद्वानांनी १६३२ ते १६३६ राबून केलेला वार्षिक इतिहास पूर्ण छापायला १८४८ ते १८५१ उजाडावं लागलं. दोनशे वर्षं! तेवढ्यात भाषा कुठे गेली बघा.

आणि फ्रान्सिस्कन साधूंना हे तेव्हाच कळलं होतं. आजच्या बेल्जियममधल्या लूव्हाँला १६०७ मध्ये कॉलेज काढलं, १६११ मध्ये आयरिश हस्ताक्षरासारखे खिळे पाडून घेतले आणि धर्माचं पुस्तक छापलं. म्हणजे आयरिश माणसालाही छपाई हवीच होती. फक्त देश सोडून जावं लागलं.

कॉर्कची_सून

दोघेही कागदावरच भांडताय. मी अकरा वर्षं आयर्लंडच्या कॉर्कमध्ये राहते. इथे मंस्टर भागात एकोणिसाव्या शतकापर्यंत पोथ्या उतरवणारे लोक होते, मिहॉल ओग ओ लोंगान त्यातला नावाजलेला, आणि पोथी म्हणजे एकाने वाचायची आणि घरभर लोकांनी ऐकायची, मग "कुणाला कळला" हा प्रश्नच चुकीचा नाही का?

पण मला खरं बोलायचंय ते लिपीबद्दल. आमचे शेजारी ऐंशीच्या पुढचे, शाळेत जुन्या गेलिक वळणाच्या अक्षरात शिकले, त्यात व्यंजनावर टिंब असतं. त्यांच्या आईचं प्रार्थनापुस्तक त्यांनी माझ्या लेकीला दाखवलं. ती पाचवीत आहे, आयरिशमध्ये वर्गात पुढे, आणि तिला एक ओळ वाचता आली नाही. तिची मैत्रीण नीव, नाव लिहिताना शेवटी एम आणि एच. जुन्या पुस्तकात फक्त एमवर टिंब. ते आजोबा गप्प बसले. १९६० च्या दशकात शाळांमधून ती अक्षरं काढली आणि आजी आणि नातीत भिंत घातली, याला मी जबाबदार छपाईच्या सोयीला धरते.

खिळेवाला

ताई, सोय म्हणू नका, खर्च म्हणा. टिंबाचा प्रत्येक खिळा वेगळा पाडावा लागतो, टाइपरायटर वेगळा लागतो, कोण देणार पैसे? आणि ती "खरी आयरिश" अक्षरं तरी कुठली. एलिझाबेथचे खिळे बरेचसे रोमनच, मध्ये काही आयरिश वळणाची अक्षरं घुसडलेली. ज्या अक्षरांसाठी तुम्ही रडताय त्याच वळणात १६८५ चा बायबलचा जुना करार छापला, बिशप बेडेलने भाषांतर करवून घेतलेला, शास्त्रज्ञ रॉबर्ट बॉइलच्या पैशाने, पुन्हा प्रॉटेस्टंटच करायला! अक्षर कुणाचंच नसतं. उगाच हट्ट धरून भाषा जगत नाही.

कॉर्कची_सून

हट्ट?? ते पुस्तक त्या माणसाच्या आईचं आहे. तुमच्या वडिलांची बोटं काळी झाली याचा मला आदर आहे, मग त्या आजोबांच्या आईच्या अक्षराचा तुम्हाला का नाही? लूव्हाँच्या साधूंनी परदेशात, गरिबीत, मुद्दाम हस्ताक्षराचं वळण का घेतलं मग? रोमन खिळे तर तयार मिळत होते!

साळगावकर_वाचपी

मध्ये बोलतो, माफ करा. आमच्या गोव्यात राशोलला १६१६ मध्ये क्रिस्तपुराण छापलं, भाषा मराठी आणि अक्षरं रोमन, कारण देवनागरी खिळेच नव्हते. ओव्या तरी आपल्याच वाटतात ना? खिळेवाले बरोबर आहेत, अक्षराने भाषा परकी होत नाही.

कॉर्कची_सून

ओव्या आपल्या वाटतात कारण आपण आज देवनागरीत वाचतो. मूळ रोमन पान तुम्ही एकदा तरी सलग वाचलंय का?

साळगावकर_वाचपी

नाही वाचलं. हे मात्र मानावं लागेल.

पोथीवाला

अहो मूळ विषय! तुम्ही टिंबात अडकलात. खिळेवाले, साधूंचा मुद्दा तुमचा बरोबर, मी तो सोडून दिला होता, चूक माझी. पण एक सांगा, चार आचार्यांपैकी मुख्य मिहॉल ओ क्लेरी, त्याचं जिवंतपणी काय छापलं गेलं? १६४३ चा कठीण शब्दांचा कोश, बस. इतका मोठा इतिहास पोथीत राहिला. छापखान्याने ओळख घडवली म्हणणाऱ्याने याचं उत्तर द्यावं. ज्यांच्याकडे खिळे नव्हते त्यांनी स्वतःला ओळखलंच नव्हतं का?

खिळेवाला

ओळखलं होतं, ठीक आहे. 'एरनाख' हा शब्द कीटिंगने पोथीतच रुजवला, हे मी मान्य करतो, आणि तुमचा तो ग्रुपवाला चूकच आहे. पण त्या पोथ्यांचं पुढे काय झालं ते बघून माझा जीव तुटतो, वेळेवर छापल्या असत्या तर ताईंच्या लेकीला आज आयरिश शाळेत विषय म्हणून शिकावी लागली नसती, घरीच आली असती. आणि टिंबाचं मी अजूनही मानत नाही.

कॉर्कची_सून

नका मानू. शनिवारी लेक त्या आजोबांकडे जाणार आहे, पहिलं पान वाचायला. एका पानाला किती वेळ लागला ते इथे लिहीन.