पीएस४ गच्च भरलाय, जागा कशी करू?

मंडळी, मदत हवी आहे. माझा जुना ५०० जीबीचा पीएस४ (प्लेस्टेशन ४, गेम खेळायचं यंत्र) गच्च भरलाय. दिवाळीच्या सुट्टीत भाचा कोथरूडला येतोय, त्याला क्रिकेटचा गेम हवाय आणि डाउनलोड जागेअभावी अडतंय. कॅप्चर गॅलरीतले व्हिडिओ उडवले (सगळे माझ्याच हरण्याचे!), तरी जेमतेम सहा जीबी सुटले. गेम काढला तरी सेव्ह डेटा (खेळातली प्रगती) राहतो, ठाऊक आहे. पण आमचं नेट इतकं रडतं की पुन्हा डाउनलोड करायचं जिवावर येतं.

पुण्यातल्या तपकीर गल्लीच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारातून बाहेरून जोडायची यूएसबी ३.० ची एक टीबी हार्ड डिस्क आणू, की आतली अडीच इंची काढून एसएसडी (जास्त वेगवान डिस्क) टाकू? घरातल्या जुन्या डिस्कवर लग्नाचे फोटो आहेत, ती पीएस४ साठी फॉरमॅट केली (म्हणजे सगळं पुसलं) तर बायको मलाच फॉरमॅट करेल. कुणी स्वतः केलंय का हे?