वडिलोपार्जित भाटाच्या (माडांच्या बागेच्या) वादात न्यायालयामार्फत पोलीस संरक्षण मिळू शकते का?

प्रश्न (पेडणे)
आमचे घर आणि त्याला लागून असलेले माडांचे भाट सासऱ्यांच्या निधनानंतरही वाटणीविना सामाईक राहिले आहे. पती बोटीवर नोकरीला असल्याने घरी मी आणि वृद्ध सासूबाई अशा दोघीच असतो. धाकट्या दिरांनी आपला हिस्सा तालुक्याबाहेरील एका व्यक्तीला विकला असून, तिची माणसे आता गडगा (दगडी कुंपण) पाडून आत शिरतात, पाडेल्याला (नारळ पाडणाऱ्याला) माडावर चढू देत नाहीत आणि आम्हाला धमकावतात. पोलीस ठाण्यात हा दिवाणी वाद असल्याचे सांगून तक्रार घेतली गेली नाही. उच्च न्यायालयात थेट पोलीस संरक्षण मागता येईल का?

उत्तर (वकील, म्हापसा)
मागता येईल, परंतु ताबा कोणाचा हाच वाद असताना अशी याचिका बहुधा टिकत नाही. अनिर्णित दिवाणी हक्क पोलीस संरक्षणाच्या याचिकेतून प्रस्थापित करून घेता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये पी. आर. मुरलीधरन प्रकरणात स्पष्ट केले आहे. म्हणून आधी दिवाणी न्यायालयात कायम मनाईचा दावा दाखल करून त्यासोबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम १ व २ खाली तात्पुरत्या मनाई हुकमाचा अर्ज द्यावा. हुकूम मिळूनही माणसे आत शिरली, तर त्याच न्यायालयाकडे कलम १५१ खाली पोलीस मदत मागता येते. शिवाय नियम २अ खाली हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. पोलीस येतात ते हुकमाची अंमलबजावणी करण्यासाठी. जमीन कोणाची, हे ठरवणे त्यांचे काम नाही.

सारे काही ताब्याच्या पुराव्यावर अवलंबून राहील. जमिनीच्या हक्कनोंदीचा नमुना १ व १४ चा उतारा, घरपट्टीच्या पावत्या, वीजबिले आणि पाडलेल्या गडग्याची छायाचित्रे आजच गोळा करा. उताऱ्यातील नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते, मात्र तेवढ्याने मालकी सिद्ध होत नाही.

उत्तर (डिचोली)
सासूबाईंना केवळ वारस समजू नका. लग्नापूर्वी वेगळा करार झालेला नसेल, तर गोव्याच्या कायद्याप्रमाणे पती-पत्नीच्या सामाईक मालमत्तेचा अर्धा भाग मुळातच त्यांचा आहे, आणि वाटणी होते ती उरलेल्या अर्ध्याची. म्हणून दाव्यात त्यांचे नाव असायलाच हवे. दिरांचे लग्न झालेले असल्यास खरेदीखतावर त्यांच्या पत्नीची सही आहे का, हेही तपासा. इन्व्हेंटरी (वारसांमधील वाटणीची न्यायालयीन कार्यवाही) होऊन वाटण्या ठरेपर्यंत अमुक तुकडा आपलाच, असे खरेदीदाराला म्हणता येणार नाही.

धमक्यांचे प्रकरण मात्र दिवाणी नव्हे. ठाण्याने तक्रार नाकारली, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) खाली तिचा मजकूर पोलीस अधीक्षकांना लेखी पाठवावा, आणि तेथेही दखल घेतली गेली नाही तर दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा.

प्रश्नकर्ती
मनापासून आभार. परंतु समोरच्याला नोटीस जाऊन तो हजर होईपर्यंत उरलेला गडगाही जाईल, ही भीती वाटते. वकिलाच्या खर्चाचीही चिंता आहे.

उत्तर (वकील, म्हापसा)
उशिराने हेतूच विफल होणार असेल, तर आदेश ३९ च्या नियम ३ प्रमाणे न्यायालय कारणे नोंदवून नोटिशीआधीही हुकूम देऊ शकते. त्यानंतर अर्ज, प्रतिज्ञापत्र व कागदपत्रांच्या प्रती विरुद्ध पक्षाला तातडीने पोचवाव्या किंवा नोंदणीकृत टपालाने पाठवाव्या लागतात आणि तसे प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी द्यावे लागते. हे काम स्वतः लक्ष घालून करून घ्या. खर्चासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो, त्यामुळे सासूबाईंचा अर्जही सोबतच द्यावा.