'बोडकी' हा शब्द नेमका कुठून टोचतो?

रामबागची लेक :
दोन वर्षांपूर्वी मला चाई पडायला लागली. आधी कानामागे आठ आण्याएवढी, मग रुपयाएवढी, मग मोजायचं सोडलं. डॉक्टर त्याला अलोपेशिया एरिआटा म्हणतात. शरीराची संरक्षणव्यवस्था आपल्याच केसांच्या मुळांवर उठते. दुसऱ्याला लागत नाही, केस कधी परत येतात, कधी नाही. उरलेले पुंजके विंचरताना रोज रडू यायचं, म्हणून दिवाळीनंतर एके दिवशी मशीन फिरवून घेतलं. त्या रात्री बऱ्याच दिवसांनी शांत झोप लागली.

प्रश्न शब्दाचा आहे. गेल्या महिन्यात इथे इंदूरलाच चुलतभावाचं लग्न झालं. एक काकू गजऱ्यांचं तबक घेऊन बायकांच्या रांगेतून येत होत्या. माझ्यापाशी आल्या, डोक्याकडे बघितलं आणि तबक जरासं मागे घेतलं. मी मनगट पुढे केलं, त्यांनी गजरा बांधलाही. तेवढ्यात मागून आत्या, "अगं, सवाष्ण बाई तू, अशी बोडकी काय फिरतेस!"

ऑफिसात सगळे हिंदीवाले, मागून 'गंजी' म्हणतात हे मला ठाऊक आहे. ते अंगाला लागत नाही. आत्याचा शब्द मात्र लागला. असं का? आणि मी स्वतःबद्दल मराठीत काय म्हणू?

जेलरोडकर :
गंजी लागत नाही कारण मराठी कानाला गंजी म्हणजे कडब्याची रास! डोक्यावर काडी नाही आणि म्हणे गंजी. :) आमच्याकडे लहानपणी याच जातीचा घोळ 'भांग'चा व्हायचा. शाळेत मित्राला सांगितलं, "आई रोज सकाळी भांग पाडती है, इसलिए लेट हुआ." त्यांच्यात केसांची ती 'मांग', आणि भांग म्हणजे उज्जैनची घोटलेली. महिनाभर पोरं माझ्या आईची चौकशी करत होती.

कोशातला किडा, पुणे :
मूळ शब्दात शिवी नाही. बोडणे म्हणजे वस्तऱ्याने डोकं साफ करणे, आणि बोडका म्हणजे वर काही नसलेला. डोंगर बोडका, पानं झडलेलं झाड बोडकं, 'उघडंबोडकं' हा जोडशब्द तर रोजचा. पूर्वी पुरुष पागोटं-टोपी न घालता बाहेर पडला तरी 'बोडक्याने चाललास कुठे?' असं विचारत, आणि त्याच्या डोक्यावर तेव्हा भरपूर केस असत. म्हणजे शब्द केसांपेक्षा आच्छादनाचा. स्त्रीलिंगात आला की मात्र त्याचा एकच अर्थ उरला.

माळव्यातली आजी :
तो एक अर्थ मी पाहिलेला आहे, म्हणून लिहिते. माझी मावशी. मी पाच-सहा वर्षांची असेन. आलवण नेसायची, लाल, काठ नसलेलं. महिन्यातून दोनदा न्हावी यायचा, तो पुढच्या दाराने नाही, गोठ्याच्या अंगाने. ती पाटावर मान खाली घालून बसायची आणि आम्हा मुलांना आत जायला सांगत. पाण्याच्या तांब्याचा आवाज तेवढा यायचा. 'केशवपन' हा पोथीतला शब्द हो. घरात म्हणत, "तिला बोडली." ज्यांचे केस राखलेले त्या सकेशा, पण तेही लिहिण्या-बोलण्यापुरतं. घरात दोनच जाती, सवाष्ण आणि बोडकी. तुझ्या आत्याच्या तोंडून दोन्ही शब्द एका वाक्यात आले ते उगाच नाही.

कोशातला किडा, पुणे :
आजी, नमस्कार. भर घालतो. १८९० मध्ये मुंबईत नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने न्हाव्यांनीच ठरवलं होतं की विधवांच्या डोक्याला वस्तरा लावायचा नाही. ज्यांच्या हातात वस्तरा होता त्यांनीच तो खाली ठेवला. आणि ही रीत सगळ्या समाजात नव्हतीच, मुख्यतः ब्राह्मण आणि त्यांचं पाहून चालणाऱ्या घरांतली. तुमच्या इंदूरच्याच अहिल्याबाई, १७५४ मध्ये वैधव्य आलं, पण चित्रांत त्या दिसतात त्या डोक्यावरून पदर घेतलेल्या.

रामबागची लेक :
आजी, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. त्यावरून एक गोष्ट ध्यानात आली, ती क्रियापदांची. बाळाचं जावळ 'काढतात', कौतुकाने, मामाच्या मांडीवर बसवून. तिरुपतीला केस 'वाहतात'. घरात कुणी गेलं की पुरुष क्षौर 'करतात'. वस्तरा तोच. बाईला मात्र 'बोडली'. तिने काही केलेलं नाही, तिचं केलं गेलंय. मी मशीन माझ्या हाताने फिरवलं होतं (मागची बाजू नवऱ्याने, वाकडीतिकडी). म्हणून तो शब्द टोचला असावा.

नवी पालवी :
मग तोच शब्द उचला ना! 'हो, मी बोडकी' असं ठणकावून म्हटलं की संपला त्याचा दंश.

माळव्यातली आजी :
नको गं. तो शब्द माझ्या मावशीवर लादलेला होता. ज्यांना तो उतरवता आला नाही त्यांचा आहे तो. तू हौसेने अंगावर घेऊ नकोस.

जेलरोडकर :
आजींशी सहमत. 'गोटा' कसा आहे? "डोक्याचा गोटा केलाय." करणारी आपण. नर्मदेच्या गोट्यासारखा गुळगुळीत, म्हणून आपल्या भागाला शोभतोही. 'चमनगोटा' नको, त्यात शाळेतल्या टपल्या आहेत. 'टकली'त पुन्हा हसणारे आहेत.

कोशातला किडा, पुणे :
गोट्याला माझी हरकत नाही, फक्त केस मशीनने बारीक ठेवले असतील तर तो गोटा होत नाही. गोटा तुळतुळीतच हवा.

रामबागची लेक :
तुळतुळीतच आहे, किडेसाहेब. आरशात बघून लिहितेय.

काल आत्याचा फोन होता. म्हटलं, आत्या, मला बोडकी म्हणू नकोस, मी गोटा केलाय. जरा गप्प बसली. मग म्हणाली, "गोटा तर गोटा. पण मे महिन्याचं ऊन आहे, स्कूटरवर बोडक्याने जात जाऊ नकोस, हेल्मेट घाल."

हा पागोट्याचा अर्थ, म्हणून सोडून दिलं.